प्लॅस्टर निघाले, पण पुढे काय?

मैत्रिणींनो, ही गोष्ट सुरू होते एका स्कर्टच्या दुमडीपासून.

मी शाळेत आठवड्यातले थोडे तास शिकवते. आमच्या चौथीच्या वर्गात एक मुलगी आहे. तिचे नाव सांगत नाही. प्रार्थनेला रांगेत उभी राहिली की तिचा स्कर्ट एका बाजूने खाली उतरलेला दिसायचा. "अगं, जरा सरळ घाल की!" असे मी तिला दोनदा बोललेसुद्धा. आता आठवले की माझीच मला लाज वाटते. तिच्या आईने बिचारीने दोन वेळा दुमड उसवून पुन्हा घातली. तिसऱ्या वेळी ती टेप घेऊन बसली, तर स्कर्ट दोन्हीकडून अगदी सारखा भरला! वाकडा स्कर्ट नव्हताच. मुलीची कंबर एका बाजूला कलली होती, कारण तिचा डावा पाय उजव्यापेक्षा आखूड झाला होता.

झाले होते असे. ही मुलगी दुसरीत असताना, शाळा सुटल्यावर आजीचा हात धरून रस्ता ओलांडत होती. मालाच्या टेम्पोने तिला उडवले. मांडीचे हाड गुडघ्याच्या जरा वर मोडले. दवाखाना, ऑपरेशन, प्लॅस्टर सगळे झाले. दुसऱ्याच दिवशी टेम्पोचा मालक शहाळी आणि मोसंबी घेऊन भेटायला आला. टेम्पो चालवणारा त्याचा भाचा. "पोराचं लग्न ठरलंय. पोलिसांत गेलात तर त्याचं आयुष्य उठेल. खर्च मी देतो, वाटलं तर कागद करू." मुलीच्या वडिलांना दया आली. चाळीस हजार रुपये, एक स्टँपपेपर, खाली दोघांच्या सह्या: 'यापुढे आमची कोणतीही तक्रार नाही.' सहा आठवड्यांनी प्लॅस्टर निघाले. पेढे वाटले. विषय संपला, असे सगळ्यांना वाटले.

आता डॉक्टर म्हणतात तो संपलेला नाही. लहान मुलांच्या लांब हाडांच्या टोकाशी कूर्चेचा एक पातळ थर असतो. हाड लांबीला वाढते ते त्या थरातून. अपघातात नेमका तोच दुखावला, तर मोडलेले हाड छान जुळते, एक्स-रेही चांगला दिसतो आणि तरी त्या पायाची वाढ मंदावते किंवा थांबते. दुसरा पाय मात्र आपला वाढतच असतो. म्हणजे फरक आज दोन सेंटिमीटर असेल, तर उंची वाढत राहील तसा तोही वाढेल. मुलींची उंची साधारण चौदा-पंधरापर्यंत वाढते. ही आहे नऊ वर्षांची! मधल्या काळात एखादे, कदाचित दोन ऑपरेशन लागतील. चाळीस हजार तर पहिल्या बिलातच संपले होते.

मोठ्या माणसाची इजा आणि मुलाची इजा यांत हा फरक आहे, आणि भरपाईचा विचार करताना नेमका तोच आपण विसरतो. मोठ्या माणसाचे जे नुकसान झाले ते वर्षभरात बहुधा कळून चुकते. मुलाचे नुकसान मुलाबरोबर वाढते. डोक्याला मार लागलेले मूल हसत घरी येते आणि पाढे पाठ होत नाहीत हे कळायला तिसरी उजाडते. म्हणून दवाखान्याच्या व्हरांड्यात, रडून डोळे सुजलेले असताना, कुणी कितीही भला माणूस समोर बसला असला, तरी कागदावर सही करू नका. अगदी खरं सांगते, त्या वेळी कुणालाच ठाऊक नसते की आपण कशाची किंमत ठरवतो आहोत.

"पण त्या पोराचं वाटोळं करून आपल्याला काय मिळणार?" असे मुलीचे वडील मला म्हणाले. माणूस सज्जन आहे. पण इथे आपली एक मोठी चुकीची समजूत असते. रस्त्यावर येणाऱ्या प्रत्येक वाहनाला निदान तिसऱ्या व्यक्तीचा, ज्याला आपण थर्ड पार्टी म्हणतो तो, विमा कायद्याने सक्तीचा आहे. रस्त्यावरचे आपले मूल म्हणजेच ती तिसरी व्यक्ती. विमा चालू असेल तर भरपाई सहसा विमा कंपनी देते. ड्रायव्हरच्या बायकोचे मंगळसूत्र विकून ती येत नाही. चालकाकडे लायसन नसले तरी अनेकदा न्यायालय कंपनीला आधी पैसे द्यायला लावते आणि मग मालकाकडून वसूल करायला सांगते. विमाच नसेल तर मात्र मालकाला स्वतः भरावे लागते. आणि मालक 'कागद करून मिटवू' म्हणून फारच घाई करू लागला, तर विमा चालू आहे ना, एवढे जरूर विचारावे!

आता कायद्याकडे वळू. भिऊ नका, मीही साधी बी.ए. आहे; मला समजले तेवढेच सांगते.

मोटार वाहन कायदा १९८८ चा. भरपाईचा दावा त्याच्या कलम १६६ खाली मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे करतात. नाव भारदस्त असले तरी ते बहुतेक जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असते. अपघात सोलापूरला झाला आणि तुम्ही राहता नाशिकला, तर नाशिकला दावा करता येतो. मूल अठराच्या आतले असेल तर आई किंवा वडील त्याच्या वतीने दावा करतात. कायद्याच्या भाषेत अशा मुलाला 'अज्ञान' म्हणतात. मला हा शब्द मुळीच आवडत नाही. आमच्या चौथीतली अज्ञान मंडळी मोबाइलमधले माझ्यापेक्षा जास्त जाणतात. पण अर्जावर तो दिसला तर दचकू नका.

मुदतीचे मात्र नीट वाचा. कायद्यात २०१९ मध्ये दुरुस्ती झाली आणि दाव्यांचा भाग १ एप्रिल २०२२ पासून लागू झाला. त्यात अपघातापासून सहा महिन्यांच्या आत दावा करण्याची अट आली. या अटीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले, आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये न्यायालयाने अंतरिम आदेश दिला की, केवळ मुदत उलटली या कारणावरून न्यायाधिकरणांनी दावे फेटाळू नयेत. पण अंतरिम आदेशाच्या भरवशावर कुणी राहू नये. मुलाच्या इजेचे पुरते स्वरूप कळलेले नसले तरी दावा आधी दाखल करावा. डॉक्टरांचा अंदाज, पुढच्या उपचारांचा खर्च आणि अपंगत्वाचा दाखला नंतर पुराव्यात आणता येतो. शिवाय व्याज धरले जाते ते लवकरात लवकर दाव्याच्या तारखेपासून. दोन वर्षे थांबलात, तर दोन वर्षांचे व्याज गेलेच.

अपघाताची पोलिसांत नोंद झाली, की नव्या नियमांप्रमाणे पोलिसांनी ४८ तासांत पहिला अहवाल न्यायाधिकरणाला आणि विमा कंपनीला द्यायचा असतो, आणि ९० दिवसांत सविस्तर अहवाल. पोलिसांचा अहवाल हाच दावा म्हणून धरण्याचीही सोय कायद्यात आहे. म्हणून एफ.आय.आर. महत्त्वाचा. तो सूड उगवण्यासाठी नव्हे, तर गाडीचा नंबर, जागेचा पंचनामा आणि साक्षीदार कागदावर यावेत म्हणून.

विमा कंपनीकडूनही तडजोडीची रक्कम पुढे येऊ शकते. कलम १६४ खाली, चूक कुणाची हे सिद्ध न करता, गंभीर इजेसाठी ठरावीक अडीच लाख रुपये मिळतात. हातात आलेले अडीच लाख कुणाला नकोत? पण ते स्वीकारले की कलम १६६ चा मोठा दावा संपतो! हाड मोडले आणि पूर्ण बरे झाले, तर ती रक्कम वाईट नाही. पण डोके, मणका किंवा सांध्याजवळचे हाड असेल, तर मुलांच्या अस्थिरोगतज्ज्ञाला विचारल्याशिवाय हो म्हणू नये. लोकअदालतीचेही तसेच. तिथे निकाल झटकन लागतो, पण त्यावर अपील नाही. गाडी पळून गेली आणि नंबरच मिळाला नाही, तर सरकारी योजनेतून गंभीर इजेला ५० हजार मिळतात. थोडेच आहेत, पण तहसील कार्यालयात अर्ज करून ते मागावेत.

आता खरा प्रश्न. शाळेत जाणाऱ्या पोराची भरपाई मोजायची कशी? त्याला कुठे पगार आहे?

पुष्कळ वर्षे याचे उत्तर फारच कंजूषपणाने दिले जाई. १९९४ मध्ये कायद्याला जोडलेल्या तक्त्यात न कमावणाऱ्या माणसाची मिळकत वर्षाला १५ हजार रुपये धरली होती, आणि मुले त्याच खान्यात जात. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जखमी मुलांसाठी एक पायरी ठरवून दिली. दहा टक्क्यांपर्यंत कायमचे अपंगत्व असेल तर एक लाख, तीसपर्यंत तीन लाख, साठपर्यंत चार, नव्वदपर्यंत पाच आणि त्यावर सहा लाख. उपचारांचा आणि मदतनिसाचा खर्च याशिवाय. त्या काळी ही मोठीच मजल होती.

पुढे २०२० मध्ये हरियाणातल्या एका मुलीचा निकाल आला. तो प्रत्येक आईने समजून घ्यावा असा आहे. २००७ साली ही बारा वर्षांची मुलगी आईवडिलांबरोबर ट्रॅक्टरवरून जात असताना ट्रकने धडक दिली. डोक्याला मार लागला आणि तिची समज नऊ महिन्यांच्या बाळाएवढीच राहिली. न्यायाधिकरणाने सुमारे ११ लाख दिले, उच्च न्यायालयाने ते २५ लाखांवर नेले, आणि सर्वोच्च न्यायालयाने ६२ लाख २७ हजार, वर व्याज. एवढा फरक कशाने पडला? न्यायालयाने मांडलेला हिशेब अगदी आपल्या घरच्या हिशेबासारखा आहे. मुलगी मोठी होऊन निदान कुशल कामगाराइतके कमावती झाली असती, म्हणून त्या राज्यातले कुशल कामगाराचे किमान वेतन, महिना ४,८४६ रुपये, धरले. पुढे पगार वाढतो म्हणून त्यात ४० टक्के मिळवले. वर्षाचे करून १८ ने गुणले. झाले १४ लाख ६६ हजार. तिच्याजवळ जन्मभर दोन माणसे लागणार, प्रत्येकी महिना पाच हजार. त्यालाही १८ ने गुणून २१ लाख ६० हजार. वेदना आणि हरवलेल्या आयुष्यापोटी १५ लाख, पुढच्या उपचारांना पाच लाख, लग्नाची आशा गेली म्हणून तीन लाख. मोठी कलमे ही.

२०२५ च्या सप्टेंबरात गुजरातमधल्या एका मुलाच्या दाव्यातही न्यायालयाने हेच ठामपणे सांगितले, की मुलाची मिळकत धरायची ती त्या राज्यातल्या कुशल कामगाराच्या किमान वेतनाप्रमाणे. मुलगा आठ वर्षांचा असताना, २०१२ मध्ये, अपघात झाला होता. उच्च न्यायालयाने दिलेले साडेआठ लाखांच्या वरचे ३५ लाख ९० हजार झाले. पण तारखा पाहिल्यात? २०१२ ते २०२५! तेरा वर्षे. पोर तोवर एकवीस वर्षांचे झाले. वकील मंडळी या आकड्यांवर खूश होतात. मला मात्र त्या तेरा वर्षांत त्याच्या आईने कुणाकुणाकडे हात पसरले असतील, हेच डोळ्यांपुढे येते.

एवढा काळ टिकायचे तर कागद टिकले पाहिजेत, आणि कागद टिकवणे हे आपल्याच हातचे काम आहे. वाण्याचा आणि दुधाचा हिशेब आपण ठेवतोच; तशीच एक शंभर पानी वही मुलाच्या नावाने घाला. तारीख, कुठे गेलो, रिक्षाला किती, औषधाला किती. दुकानातली चकचकीत कागदावरची बिले वर्षभरात पांढरी पडतात. माझ्याकडे एक आहे, त्यावर काहीसुद्धा दिसत नाही. त्या दिवशीच झेरॉक्स काढा. बिले मुलाच्या नावाने घ्या. एक्स-रेच्या फिल्म माळ्यावर दुमडून टाकू नका. डिस्चार्ज कार्डावर एम.एल.सी. क्रमांक असेल तर तो वेगळा लिहून ठेवा. अपघाताच्या रुग्णाची दवाखाना तशी नोंद करतो. शाळेकडून हजेरीचा दाखला घ्या, किती दिवस बुडाले ते कळेल. तुम्ही शिवणकाम किंवा डबे बंद करून मुलाजवळ बसलात, तर तेही तारखेनिशी लिहा. घरच्या बाईने सेवा केली म्हणजे ती फुकट, असे न्यायालय धरत नाही. घरातले कितीही धरोत! आणि दर तीन महिन्यांनी मुलाला सरळ उभे करून समोरून आणि मागून फोटो काढा. त्या स्कर्टवरून मी हे शिकले.

आणखी एक दुखरी गोष्ट. कित्येक घरांत आईच स्वतःला आरोपी ठरवून बसलेली असते. "मीच हात सोडला," "स्कूटर मीच चालवत होते." अहो, आठ वर्षांच्या मुलाकडून मोठ्या माणसासारखी सावधगिरी न्यायालयसुद्धा अपेक्षित धरत नाही. आणि दोन गाड्यांच्या चुकीने अपघात झाला, त्यांतली एक गाडी तुमचीच असली, तरी मागे बसलेल्या मुलाचा त्यात काय दोष? त्याला दुसऱ्या गाडीच्या मालकाकडून आणि विमा कंपनीकडून पूर्ण भरपाई मागता येते. आपल्या अपराधी वाटण्यापायी मुलाचा हक्क बुडवू नये.

वकील कसा शोधायचा? दवाखान्यात आपणहून जवळ येणारे 'साहेब, केस बघतो' म्हणणारे लोक दूर ठेवा. भरपाईतला टक्का ठरवून फी घेणे वकिलांच्या नियमांत बसत नाही. स्त्रिया आणि मुले यांना कायद्याने विनामूल्य वकील मिळतो, आणि मिळकतीची अट त्यांना नाही! जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय असते, तालुक्याला समिती असते. १५१०० या क्रमांकावर फोन केला तरी माहिती मिळते.

पैसे मंजूर झाले की पुन्हा कुरकुर सुरू होते. "आमच्याच पैशाला आम्हाला हात लावू देत नाहीत!" खरे आहे. सर्वोच्च न्यायालयाने फार पूर्वीच सांगून ठेवले आहे, की मुलाची रक्कम ते सज्ञान होईपर्यंत बँकेत मुदत ठेवीत ठेवावी. व्याज पालकांना मिळू शकते, उपचारासाठी अर्ज करून रक्कम काढता येते, पण त्या ठेवीवर कर्ज काढता येत नाही. मला हा नियम फार आवडला. कारण घरात आलेल्या पैशाला नणंदेचे लग्न, दिराचा ट्रॅक्टर, घराचा स्लॅब अशी किती तोंडे असतात, हे मी तुम्हाला काय सांगायचे! ते पैसे मुलाच्या पायाचे आहेत.

आमच्या त्या मुलीचे म्हणाल, तर विधी सेवेच्या वकीलबाईंनी दावा दाखल केला आहे. त्या वेळी एफ.आय.आर. झालाच नव्हता, म्हणून फार अवघड जाणार, असे त्यांनी आधीच सांगितले. त्यांनी विचारले, टेम्पोचा नंबर काय? कुणालाच आठवेना. मग आजीने पत्र्याच्या ट्रंकेतून प्लॅस्टिकची पिशवी काढली. तिच्यात डिस्चार्ज कार्ड होते आणि तो स्टँपपेपर. मुलीचे वडील तो फाडूनच टाकायला निघाले होते. वकीलबाईंनी तो त्यांच्या हातून काढून घेतला. टेम्पोचा नंबर, मालकाचे नाव, अपघाताची तारीख, सगळे त्यावर मालकाच्याच सहीनिशी लिहिलेले होते! नंबरावरून आर.टी.ओ.कडून विमा कंपनीचे नाव निघाले. आता तारखा पडताहेत.

मुलीच्या आईने वही घातली आहे. डाव्या बुटाला नाक्यावरच्या चांभारदादांनी जाड तळ चढवून दिला, १८० रुपये. पावती मागितली तर ते हसले. मग वहीच्याच पानावर त्यांनी तारीख घालून सही करून दिली.